शशिकला जवळकर : दुय्यम भूमिकांचा एक इतिहास

सोलापूर जिल्ह्याचा इतिहास लिहिताना सोलापूरच्या गिरण्या आणि बार्शीची बाजारपेठ यांची दखल घेतली जाते. या भागातून रंजनाच्या व्यवसायात गेलेल्या कलावंतांची तितकी घेतली जात नाही. ४ ऑगस्ट १९३२ रोजी सोलापूर येथे जन्मलेल्या शशिकला जवळकर या अशा कलावंतांपैकीच होत. वयाच्या पाचव्या वर्षापासूनच त्या जिल्ह्यातील निरनिराळ्या गावी रंगमंचावर नाच, गाणे व अभिनय करू लागल्या होत्या. पुढे वडिलांचा व्यापार बुडाला, कुटुंब मुंबईस आले आणि मुलीची हौस हेच घराच्या चरितार्थाचे साधन ठरले.

शौकत हुसेन रिझवी यांच्या 'झीनत' (१९४५) मधील कव्वालीच्या प्रसंगात त्यांना प्रथम लक्षात येण्याजोगे काम मिळाले. त्यानंतर चित्रपट मिळत गेले. शांतारामांचा 'तीन बत्ती चार रास्ता' (१९५३) हा त्यांतलाच. आघाडीच्या नायिकेचे स्थान मात्र लाभले नाही.

त्यांच्या अभिनयाची व्याप्ती खरोखर कळते ती बिमल रॉय यांच्या 'सुजाता' (१९५९) मध्ये. मानलेल्या बहिणीवर निर्मळ प्रेम करणारी रमा त्यांनी इतक्या सहजतेने उभी केली आहे की, पुढे हीच नटी खलनायिका म्हणून ओळखली जाईल असे वाटू नये. 'आरती' (१९६२) मधील कजाग जाऊ आणि 'गुमराह' (१९६३) मधील लीला या दोन भूमिकांसाठी त्यांना लागोपाठ फिल्मफेअरचे सहायक अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले. यांतील लीला विशेष विचारार्ह आहे. नायिकेला धमकावून पैसे उकळणारी ही स्त्री अखेरीस नायिकेच्या पतीचीच कर्मचारी निघते; म्हणजे तिचा दुष्टपणा हाच मुळी कथेतला एक अभिनय असतो. नटीला येथे दुहेरी सोंग वठवावे लागले. पण निर्मात्यांनी या पारितोषिकांतून घेतला तो निराळाच अर्थ : सोंगाची मागणी वाढली, नटीची नव्हे. १९६६ साली 'अनुपमा' मध्ये हृषीकेश मुखर्जींनी त्यांना खेळकर, मोकळ्या मनाची मैत्रीण केले, आणि त्याच वर्षीच्या 'फूल और पत्थर' मध्ये त्या पुन्हा ठरीव साच्यात दिसल्या.

मध्यंतरी काही काळ त्यांनी मदर तेरेसा यांच्या संस्थेत सेवाकार्य केले. परतल्यावर चित्रपटांतील वडीलधाऱ्या स्त्रिया आणि 'सोनपरी' सारखी दूरदर्शन मालिका त्यांच्या वाट्याला आली. २००७ साली त्यांना पद्मश्री मिळाली. ४ एप्रिल २०२१ रोजी मुंबई येथे त्यांचे निधन झाले, तेव्हाच्या वृत्तांतही 'खलनायिका' हा शब्द सुटला नव्हता.