आरामबागची गोदामे आणि सरकारचे देणे

सरकारी बांधकामाच्या थकलेल्या बिलाचा विषय निघाला, की शहाणी माणसे मान फिरवतात. मक्तेदार आणि सरकार यांचे भांडण, त्यात आपले काय गेले? आम्ही कामगार चळवळीतली माणसे आज मक्तेदाराच्या बिलाची कथा सांगायला उभे राहिलो, याचेही काहींना नवल वाटेल. मक्तेदाराशी आमचे सख्य कधीच नव्हते. परंतु मजुरीसाठी त्याच्या दारात जाऊन बसले, की तो म्हणतो, 'सरकारने बिल अडवले आहे.' कचेरीत जावे, तर साहेब म्हणतात, 'मजूर आमचे नव्हेत, मक्तेदाराचे.' या दोन दारांमधल्या वाटेवर आमची निम्मी हयात गेली. त्या वाटेवरच आम्ही कायदा शिकलो, कॉलेजात नव्हे.

तेव्हा ही कथा ऐकावी. ती बंगालची आहे. १९४३ च्या दुष्काळात त्या प्रांतात लाखो माणसे अन्नान्न करीत मेली. पुढच्या वर्षी सरकारच्या नागरी पुरवठा खात्याला धान्य साठवायला जागा हवी होती, आणि तीही तातडीने. बी. के. मोंडल आणि मंडळी या मक्तेदारांनी हुगळी जिल्ह्यातल्या आरामबाग येथे तात्पुरती गोदामे बांधून दिली. त्यांचे ३९,४७६ रुपयांचे बिल जुलै १९४४ मध्ये बिनबोभाट चुकते झाले. दरम्यान एप्रिलमध्ये प्रांताधिकाऱ्याने त्यांच्याकडून आणखी कामाचे अंदाजपत्रक मागवले होते. कच्चा रस्ता, पहारेकऱ्यांची खोली, कचेरी, स्वयंपाकघर, कारकुनांची खोली असे ते किरकोळ काम होते. खात्याचे वरिष्ठ अधिकारी जागेवर आले, 'काम सुरू करा' म्हणाले, आणि काम झाले. त्याचे बिल २,३२२ रुपये ८ आणे. खाटुल येथेही अशाच सांगण्यावरून साठ्याच्या शेड उभ्या राहिल्या. त्यांचे बिल १७,००३ रुपये. सरकारने या इमारती ताब्यात घेतल्या आणि वापरल्या. ही दोन बिले मात्र चुकती झाली नाहीत.

मोंडल कलकत्त्याच्या हायकोर्टात गेले, तेव्हा सरकारने जो बचाव मांडला तो ऐकण्यासारखा आहे. १९३५ च्या गव्हर्नमेंट ऑफ इंडिया कायद्याच्या कलम १७५ (३) प्रमाणे प्रांतिक सरकारचा करार गव्हर्नराच्या नावाने, लेखी, आणि अधिकार दिलेल्या माणसाच्या सहीने व्हायला हवा. येथे तसा करार झालेला नाही. सबब करारच नाही, आणि करार नाही तर देणेही नाही! ज्या अधिकाऱ्यांनी काम सांगितले ते सरकारचे, ज्यांना तो नियम माहीत असायला हवा होता तेही सरकारचे. आणि नियम मोडल्याचा फायदाही सरकारलाच. आमच्या चाळीतला भाडेकरूसुद्धा असा युक्तिवाद करताना जरा लाजला असता.

हायकोर्टाने तो मानला नाही. सरकार सुप्रीम कोर्टात गेले. ५ डिसेंबर १९६१ रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने सरकारचे अपील फेटाळले. मुख्य निकालपत्र न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांचे. ते साताऱ्याचे, पुढे भारताचे सरन्यायाधीश झाले, आणि १९६६ मध्ये नेमलेल्या पहिल्या राष्ट्रीय कामगार आयोगाचे अध्यक्ष म्हणून आमच्या मंडळींना ते अधिक परिचित आहेत.

निकालाचा आधार होता १८७२ च्या करार कायद्यातले ७० वे कलम. एखाद्याने दुसऱ्यासाठी कायदेशीर रीतीने काही केले, ते फुकट करण्याचा त्याचा इरादा नव्हता, आणि दुसऱ्याने त्याचा लाभ घेतला, तर लाभ घेणाऱ्याने भरपाई द्यावी, एवढेच ते कलम सांगते. लेखी करार नाही हे कोर्टाने मान्य केले. नियमही सैल केला नाही. करार मोडला म्हणून नुकसानभरपाई मागण्याचा हक्क अशा मक्तेदाराला नाही, आणि नको असलेली वस्तू कोणी कोणाच्या गळ्यात मारू शकत नाही. सरकारला त्या शेड नाकारता आल्या असत्या; 'तुमचे सामान उचलून न्या' असे सांगता आले असते. तसे न करता त्या वापरल्या, म्हणून पैसे द्यावे लागले. संविधानाच्या २९९ व्या कलमातही सरकारी करारासाठी तसाच नियम आहे, म्हणून हा निकाल पुढेही उपयोगी पडत राहिला.

परंतु १९४४ च्या बिलाचा शेवटचा निकाल लागायला सतरा वर्षे गेली, हे विसरू नये. मोंडल यांची पेढी तेवढी तग धरू शकली. खाटुलच्या शेडवर ज्यांनी खांब रोवले, त्यांना सतरा दिवस थांबणेही परवडले नसते. निकालपत्रात त्यांच्या मजुरीचा प्रश्नच नव्हता.

ज्यांचे करारपत्र रीतसर असते अशा मक्तेदारांची भांडणे बहुधा लवादाकडे जातात. तिथेही पुष्कळ वर्षे मौज होती. अनेक करारांत बिल अडवणाऱ्या खात्याचाच वरिष्ठ इंजिनिअर लवाद म्हणून बसे. २०१५ च्या दुरुस्तीने पक्षकाराच्या नोकराला लवाद होण्यास मनाई झाली; आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने सांगितले, की सरकारी करारात एकाच पक्षाने लवाद नेमणे हे समतेच्या तत्त्वात बसत नाही. त्याच वर्षी जूनमध्ये केंद्राच्या अर्थखात्याने मात्र दहा कोटींवरच्या वादांत लवादाचे कलम सरसकट घालू नये असा सल्ला खात्यांना दिला. म्हणजे मोठ्या बिलांची वाट पुन्हा कोर्टाकडे वळते आहे. आम्हाला हे चांगले लक्षण वाटत नाही.

मजुराची वाट वेगळी आहे. १९७० च्या कंत्राटी कामगार कायद्याने लिहून ठेवले, की मक्तेदाराने मजुरी चुकवली, तर ज्याच्यासाठी काम चालले त्या मूळ मालकाने ती द्यावी आणि मक्तेदाराच्या बिलातून कापून घ्यावी. नोव्हेंबर २०२५ मध्ये नव्या कामगार संहिता लागू झाल्या, त्यांतही ही तरतूद कायम आहे. इथे 'आधी बिलाचा निकाल लागू द्या' हे उत्तर चालत नाही, मूळ मालक सरकारी खाते असले तरी. अडचण पुराव्याची असते. बांधलेली भिंत मोजता येते, मोजमाप पुस्तकात चढते; बिगाऱ्याने तिच्यावर किती दिवस घालवले ते मस्टरवरच असते, आणि ते मस्टर मुकादमाच्या पेटीत. म्हणून कुठल्याही कामावर गेल्यावर आम्ही पहिल्या आठवड्यातच मस्टरची नक्कल मागतो, आणि ती मिळेपर्यंत मुकादमाचा चहा घेत नाही.