एका जन्मतारखेचे मोल

न्हावऱ्याहून चौफुल्याला जाणारा रस्ता पारगावाशी भीमा ओलांडतो आणि शिरूर तालुक्यातून दौंड तालुक्यात उतरतो. उसाला कोयता लागला, की या रस्त्यावर ट्रॅक्टरांची रात्रंदिवस रीघ लागते. मागे एका हंगामात, माघातल्या रात्री, बंद पडलेल्या उसाच्या ट्रॉलीवर एक मोटारसायकल आदळली. ट्रॉलीच्या मागे ना दिवा होता, ना लाल चकती. मोटारसायकलवरचा माणूस जागीच गेला.

दोन महिन्यांनी त्याची पत्नी सासऱ्यांबरोबर आमच्या शाळेत आली. म्हणाली, "गुरुजी, ह्यांच्या वयाचा दाखला द्या. वकिलांनी मागितलाय."

मी जनरल रजिस्टर काढले. जुन्या गुरुजींच्या वळणदार अक्षरात जन्मतारीख होती १ जून! वाचक हसतील. आमच्याकडे निम्मे गाव १ जूनलाच जन्मलेले असते. शाळा जूनमध्ये उघडायची, पोराला सहा वर्षे पुरी दिसली पाहिजेत. गुरुजी बोटांवर मागे मोजत आणि १ जून लिहून मोकळे होत. सासरे म्हणाले, "पोरगं त्याच्या पुढल्या चैतातलं हो. रामनवमीच्या दुसऱ्या दिवशीचं." म्हणजे रजिस्टरात वय ३६, आणि म्हाताऱ्याच्या आठवणीत ३५.

एवढ्याने काय बिघडते, असे मलाही वाटले होते. म्हणून या नुकसानभरपाईचा इतिहास मी धुंडाळला.

त्याचा आरंभ होतो विलायतेत, एका उलटलेल्या घोडागाडीपासून. बेकर नावाच्या दारूगुत्तेवाल्याची बायको त्या अपघातात जखमी होऊन महिन्याभराने वारली. ती त्याचा धंदा सांभाळण्यात मोठा हातभार लावी. १८०८ साली लॉर्ड एलेनबरो यांनी निवाडा दिला, की माणसाच्या मरणाबद्दल दिवाणी कोर्टात दाद मागता येत नाही. बेकरला स्वतःची दुखापत आणि बायको जिवंत होती तेवढ्या दिवसांची हानी, एवढ्याचेच १०० पौंड मिळाले. म्हणजे माणूस जायबंदी केला तर दंड, आणि पुरता मारला तर सुटका!

पुढे आगगाड्या आल्या, मरणे वाढली, आणि १८४६ साली लॉर्ड कॅम्बेल यांच्या कायद्याने तिकडे वारसांना दाद मिळू लागली. १८५५ साली हिंदुस्थानातही तसाच कायदा झाला. नवरा, बायको, आईबाप, मुले यांना हक्क मिळाला खरा; पण दिवाणी दावा लावायचा, समोरच्याची चूक सिद्ध करायची, आणि एवढे करून त्याच्या खिशात काही नसले तर हात हलवीत घरी यायचे.

१९३९ च्या मोटार कायद्यातली विम्याची सक्ती १ जुलै १९४६ पासून अमलात आली. त्यानंतर दोनच वर्षांनी, १ जून १९४८ रोजी, नगर-पुणे मार्गावर आपली पहिली एस. टी. शिरूरवरून धावली. रस्ते गजबजू लागले. १९५६ च्या दुरुस्तीने खास न्यायाधिकरणांची सोय झाली. १९८२ साली कायद्याने प्रथमच चूक कोणाची हे न विचारता मृताच्या घरी १५,००० रुपये द्यायचे ठरवले.

मग प्रश्न उरला मोजमापाचा. सरला वर्मा खटल्यात २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने वयाप्रमाणे गुणकांचा तक्ता घालून दिला. ३१ ते ३५ वयाला १६, ३६ ते ४० ला १५. माणसाचे घराला मिळणारे वर्षाचे उत्पन्न त्या आकड्याने गुणायचे. समजा, शेतात राबणाऱ्याची कमाई महिना १२,००० धरली. २०१७ च्या निकालाप्रमाणे चाळिशीच्या आतल्या माणसाला पुढच्या वाढीचे शेकडा ४० मिळवायचे, म्हणजे १६,८००. घरात खाणारी चार-सहा तोंडे असली तर त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा, उरले १२,६००. वर्षाचे झाले १,५१,२००. गुणक एकाने उतरला, की नेमके एवढेच कमी. जुन्या गुरुजींच्या बोटांवरच्या हिशेबाने एका घराचा वर्षाचा दाणागोटा गेला होता!

आणि ती बेकरची बायको? तिच्या जातीचा हिशेब व्हायला दोन शतके लागली. घर सांभाळणाऱ्या बाईचे कामही कमाईच आहे आणि भरपाई ठरवताना ती धरलीच पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये ठासून सांगितले. पळून गेलेली गाडी सापडलीच नाही, तर मिळणारी २५,००० ची रक्कमही १ एप्रिल २०२२ पासून दोन लाख झाली. त्यासाठी प्रांत किंवा तहसीलदार कचेरीत अर्ज करायचा असतो. न्यायाधिकरणाकडे जायची सहा महिन्यांची मुदतही त्याच दिवसापासून पुन्हा आली. दुःख ओसरायची वाट पाहत बसू नये, एवढे सांगणाऱ्याने सांगावे.

दाखला मी रजिस्टरप्रमाणेच लिहिला. दुसरे काही लिहिणे माझ्या हाती नव्हते. म्हातारा माझ्या पेनाकडे पाहत राहिला. बोलला काहीच नाही.

जूनमध्ये ती बाई पुन्हा आली, धाकटीला पहिलीत घालायला. जन्माचा दाखला समोर ठेवून मी मुलीची तारीख रजिस्टरात चढवली, आणि दोनदा ताडून पाहिली.