पेट्रोल पंप : नव्या सनदा आणि न्यायालय

वतन कसे मिळत असे, हे आपल्याला कुणी नव्याने सांगायला नको. राजाची मर्जी झाली की सनद निघे, आणि सनदेवर पुढच्या पिढ्या बसून खात. स्वातंत्र्यानंतर वतने खालसा झाली. मर्जी मात्र खालसा झाली नाही. पेट्रोल पंपांच्या वाटपाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या खटल्यांचे निकाल वाचताना हे मला पानोपानी जाणवले.

१९९०च्या दशकात पेट्रोलियम मंत्र्याच्या हाती स्वतःचा कोटा असे. अडल्यानडल्यांना मदत, हे त्याचे सांगण्याचे कारण. ११ ऑगस्ट १९९५ रोजी ‘इंडियन एक्स्प्रेस’ने या वाटपाची बातमी छापली आणि ‘कॉमन कॉज’ ही संस्था न्यायालयात गेली. कॅप्टन सतीश शर्मा यांनी मंत्री म्हणून दिलेले १५ पंप तपासले गेले. जाहिरात नाही, अर्जांची तुलना नाही. लाभार्थी कोण? मंत्र्यांचे मुलगे, खुद्द शर्मांच्या खासगी कर्मचाऱ्यांचे नातलग, निवड मंडळांवरची माणसे आणि त्यांचे आप्त. अडलेनडलेले म्हणतात ते हे! २५ सप्टेंबर १९९६ रोजी न्यायालयाने ही पंधराही वाटपे रद्द केली. पुढे शर्मांना ५० लाख रुपये भरण्याचा आदेश झाला. १९९९ साली फेरविचारात तो मागे घेतला गेला.

आपल्या चळवळीने अधिक बारकाईने वाचावा असा निकाल मात्र दुसराच आहे. ऑगस्ट २००२ मध्ये सत्ताधाऱ्यांच्या सग्यासोयऱ्यांना पंप मिळाल्याचे वर्तमानपत्रांनी उघड केले, तेव्हा वाजपेयी सरकारने जानेवारी २००० पासूनची पंप, गॅस व रॉकेलची तीन हजारांवर वाटपे एका फटक्यात रद्द करून टाकली. वरकरणी ही शुद्धी वाटते. पण त्या तीन हजारांत राखीव जागांवर रीतसर मुलाखत देऊन आलेले आपले लोकही होते. चोराबरोबर सावालाही फाशी! २० डिसेंबर २००२ रोजी ओंकारलाल बजाज खटल्यात न्यायालयाने हा सरसकट आदेश रद्द ठरवला आणि ज्यांच्यावर आक्षेप होता ती ४१३ प्रकरणे निवृत्त न्यायमूर्तींच्या समितीकडे सोपवली. असमानांना एकाच मापाने मोजणे ही समता नव्हे, हे त्यामागचे सूत्र. राखीव जागांच्या बाजूने आपण वर्षानुवर्षे हेच सांगत आलो आहोत. इथे ते वेगळ्याच दाराने आले.

तरीही या साऱ्या खटल्यांत एक प्रश्न कुणी विचारलाच नाही. न्यायालयापुढचा प्रश्न होता, देणाऱ्याने कसे दिले? मागायला येण्याइतके ज्याच्यापाशी काहीच नव्हते, तो या खटल्यात पक्षकारच नव्हता. पंपाला रस्त्याला लागून जमीन हवी आणि भांडवल हवे. राखीव जागांसाठी कंपनीने स्वतः जागा उभारून खेळते भांडवल द्यावे, अशी कॉर्पस फंड योजना निघाली, ती हे ओळखूनच. पण पैसा सावकाराचा असला की फलकावर नाव आपले आणि गल्ला त्याचा, असे पंप मी पाहिले आहेत.

माझ्या एका माजी विद्यार्थ्याची गोष्ट सांगतो. त्याच्या तालुक्यात पंपाची जाहिरात निघाली ती खुल्या प्रवर्गात. राखीव ठिकाण तिसऱ्याच तालुक्यात. त्याच्या आजोबांची महारकीची जमीन नेमकी राज्यमार्गाला लागून. १९५८च्या कायद्याने वतन गेले, जमीन परत मिळाली, पण नव्या शर्तीने : बिगरशेती वापरायची तर सरकारची परवानगी आणि नजराणा. सातबारा घेऊन तो माझ्याकडे आला. आम्ही दोघांनी टेबलावर नजराण्याचा हिशेब मांडला. आकडा पाहून तो बराच वेळ गप्प बसला. मग म्हणाला, “सर, शेजारच्या पाटलाच्या बांधाला ही अट नाही ना?”

मी नाही म्हणालो. त्याने सातबाऱ्याची घडी घातली आणि जाहिरातीचा कागद माझ्याच टेबलावर ठेवून तो निघाला.