रोदारी, जान्नी

(२३ ऑक्टोबर १९२०–१४ एप्रिल १९८०). इटलीतील पत्रकार, कवी आणि मुलांसाठी अद्‌भुतरम्य कादंबऱ्या लिहिणारे लेखक. जन्म पिएमाँते प्रांतात ओर्ता सरोवराकाठच्या ओमेन्या गावी. वडिलांची बेकरी होती. जान्नी लहान असतानाच ते वारले आणि आई मुलांना घेऊन वारेजेजवळच्या गाविराते येथे राहायला गेली. १९३७ मध्ये शिक्षकी पदविका मिळवून रोदारींनी प्राथमिक शाळांत शिकवले. मिलानच्या कॅथलिक विद्यापीठात त्यांनी नाव घातले होते, पण पदवी घेतली नाही. दुसऱ्या महायुद्धात त्यांचे जवळचे मित्र मारले गेले आणि भाऊ चेझारे जर्मन छावणीत डांबला गेला. १९४४ मध्ये ते कम्युनिस्ट पक्षात आणि फॅसिस्टविरोधी प्रतिकार चळवळीत सामील झाले.

पत्रकारिता : युद्धानंतर वारेजे येथे पक्षाचे पत्र सांभाळून १९४७ मध्ये ते ‘लुनिता’ या दैनिकाच्या मिलान कचेरीत रुजू झाले. तिथे मुलांसाठीचे सदर त्यांच्याकडे आले आणि बडबडगीते व गोष्टी लिहिता लिहिता त्यांच्यातला बालसाहित्यिक घडला. १९५० मध्ये रोमला येऊन त्यांनी दीना रिनाल्दी यांच्यासह ‘पिओनिएरे’ हे मुलांचे साप्ताहिक सुरू केले. १९५८ च्या अखेरीस ते ‘पाएझे सेरा’ या सायंदैनिकात गेले आणि अखेरपर्यंत तिथेच राहिले. ‘जोर्नाले देई जेनितोरी’ या पालकांसाठीच्या मासिकाचेही त्यांनी १९६८ ते १९७७ या काळात संपादन केले.

कादंबऱ्या व कथा : १९५१ मधील चिपोल्लीनोच्या कादंबरीत गरीब कांद्याच्या घरचा मुलगा लिंबू-राजाच्या आणि टोमॅटो-सरदाराच्या जुलमाविरुद्ध उभा राहतो. ‘जेल्सोमीनो खोटारड्यांच्या देशात’ (१९५८) या कादंबरीत एका चाच्याने राज्य बळकावून खरे बोलण्यास बंदी केली आहे. तिथे मांजरांनाही भुंकावे लागते. भिंती पाडण्याइतका दणदणीत आवाज असलेला जेल्सोमीनो आणि भिंतीवरच्या चित्रातून उतरलेले तीन पायांचे मांजर हे खोटे उघडे पाडतात. सत्य छापण्याचे मोल जाणणाऱ्या पत्रकाराचीच ही कादंबरी आहे. ‘आकाशातला केक’ (१९६६) मध्ये रोमच्या त्रुल्लो वस्तीवर एक अजस्र उडती वस्तू उतरते. मोठी माणसे तिला शत्रूचे यान समजून सैन्य बोलावतात. अणुप्रयोग फसल्यामुळे तयार झालेला तो केक असल्याचे मुले शोधून काढतात. ‘टेलिफोनवरच्या गोष्टी’ (१९६२) या संग्रहातील फिरता विक्रेता रोज रात्री मुलीला फोनवर गोष्ट सांगतो. ट्रंक कॉलचे पैसे भरायचे असल्याने प्रत्येक गोष्ट आटोपशीर असते. ‘बॅरन लाम्बेर्तो’ची कादंबरी (१९७८) त्यांच्या जन्मभूमीजवळच्या सान जुलिओ बेटावर घडते. तिथे म्हाताऱ्या धनिकाचे आयुष्य वाढावे म्हणून पगारी माणसे अखंड त्याचे नाव उच्चारत राहतात.

कल्पनेचे शास्त्र : मार्च १९७२ मध्ये रेज्जो एमिल्या येथील शिक्षकांबरोबर रोदारींनी चर्चासत्रे घेतली. त्यांतून ‘कल्पनेचे व्याकरण’ (१९७३) हा त्यांचा सर्वाधिक प्रभावी ग्रंथ सिद्ध झाला. परस्परांशी संबंध नसलेले दोन शब्द शेजारी ठेवले की त्यांना जोडण्यासाठी मन गोष्ट रचू लागते, ही त्यातील मुख्य युक्ती. ‘अमुक झाले तर काय होईल’ हा प्रश्न आणि जुन्या परीकथांची उलटापालट, याही त्यांच्या पद्धती. मुलाच्या लेखनातील चूकही त्यांना नव्या गोष्टीचे बीज वाटे. ‘चुकांचे पुस्तक’ (१९६४) त्याच विचारावर उभे आहे.

प्रसार व सन्मान : सोव्हिएत संघात चिपोल्लीनो अफाट लोकप्रिय झाला. त्याच्यावर १९६१ मध्ये व्यंगचित्रपट निघाला आणि पुढे कारेन खाचातुर्यान यांच्या संगीतावर बॅले रचला गेला. १९७० मध्ये रोदारींना बालसाहित्यातील सर्वोच्च समजला जाणारा हान्स ख्रिश्चन अँडरसन पुरस्कार मिळाला. तो मिळवणारे ते पहिले इटालियन लेखक. शस्त्रक्रियेनंतर रोम येथे त्यांचे निधन झाले.

रोदारींच्या अद्‌भुतात भूक, युद्ध, सत्ता आणि पैसा यांचे खरे जग सतत हजर असते, आणि यातच त्यांच्या लेखनाचे थोरपण आहे. कल्पनाशक्ती ही निवडक प्रतिभावंतांची मिरासदारी नसून शाळेतल्या प्रत्येक मुलाचा हक्क आहे, असे ते मानत. जग वेगळे असू शकते असे ज्याला कल्पिता येते, तोच आहे त्या जगाला प्रश्न विचारू शकतो, ही त्यांची श्रद्धा त्यांच्या बातमीदारीला आणि बालकादंबरीला एकत्र बांधते.