राजशक, मृगसाल आणि आखाजी

कल्पनासृष्टी रचणारा लेखक आधी नकाशा काढतो, मग राजवंश उभे करतो आणि शेवटी त्या सृष्टीला स्वतंत्र कालगणना देतो. टॉल्किनच्या हॉबिटांचे बाराही महिने तीस दिवसांचे आहेत. उरलेले दिवस महिन्यांच्या बाहेर ठेवून हिशेब इतका चोख जुळवला आहे की तारीख आणि वार यांची सांगड कधी ढळत नाही. कागदावर हे साधते, कारण ती गणना पाळणारी माणसेही कागदावरचीच असतात. परंतु रचलेल्या कालगणना इतिहासातही आहेत. त्यांच्याकडे खानदेशातून पाहिले, तर गणना कोणी रचली यापेक्षा ती कोणी पाळली, हा प्रश्न आम्हांस अधिक मोलाचा वाटतो.

अकबराने १५८४ मध्ये इलाही सन सुरू केला आणि त्याचा आरंभ मागे नेऊन १५५६ या आपल्या राज्यारोहणाच्या वर्षाशी जोडला. वर्ष सौर, महिन्यांची नावे इराणी. जानेवारी १६०१ मध्ये असीरगड पडला आणि खानदेशातील फारुकी राजवट संपली. त्या विजयाच्या स्मरणार्थ पाडलेल्या सोन्याच्या मोहरेवर ससाण्याची आकृती असून इलाही ४५, महिना इस्फंदारमुज असा काळ कोरलेला आहे. खानदेशाने गमावलेले स्वातंत्र्य अशा रीतीने एका नव्या सनात नोंदले गेले. पुढे शाहजहानच्या काळात हिजरी सनाला पुन्हा अग्रमान मिळाला. मोहर उरली, सन गेला.

राजशकाची घडण निराळी. शके १५९६, आनंद संवत्सर, ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीस, म्हणजे १६७४ च्या जून महिन्यात, शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकापासून ही गणना सुरू झाली. येथे महिने, तिथी, संवत्सरे यांना हात लावलेला नाही. पंचांग तेच राहिले. बदलले ते दोनच बिंदू: वर्षे कोठून मोजायची आणि वर्ष कोणत्या दिवशी पालटायचे. रघुनाथपंत हणमंते यांच्या राजव्यवहारकोशाने फार्सी शब्दांना संस्कृत पर्याय दिले. राजशकाने काळाच्या बाबतीत तसेच काहीसे केले. राजा शककर्ता होतो, तेव्हा तो भूतकाळाचा आरंभबिंदू स्वतःकडे घेतो. स्वतंत्र राज्याचा तो उच्चार होता.

तरीही राज्याभिषेकानंतरच्या मराठी कागदांतून शुहूर सन हटला नाही, आणि पेशवाईच्या दफ्तरात तर तोच रुळलेला दिसतो. त्याचे आकडे अरबी शब्दांत लिहीत. ‘इहिदे अर्बैन मया व अलफ’ म्हणजे एक, चाळीस, शंभर आणि हजार, अर्थात ११४१; त्यात ५९९ मिळवले की १७४० हे इसवी वर्ष येते, आणि सनाच्या अखेरच्या महिन्यांसाठी ६०० मिळवावे लागतात. सन परका, आकडे परके. मग तो टिकला कसा? उत्तर नक्षत्रात आहे. शुद्ध चांद्र हिजरी वर्ष दरसाल सुमारे अकरा दिवसांनी मागे सरकते, त्यामुळे पिकांवरचा सारा त्याला बांधता येत नाही. शुहूर सन सूर्य मृग नक्षत्रात शिरला की पालटतो. म्हणून त्याला मृगसाल म्हणत. दख्खनच्या फसली सनाचीही गाठ मृगाशीच. पेरणीच्या तोंडावर पालटणारे वर्ष कुणब्याला शिकवावे लागत नाही.

१६७४ मध्ये खानदेश मोगलांचा सुभा होता. महाराजांच्या फौजा १६७० मध्ये येथे आल्या, १६७९ मध्ये धरणगाव लुटले गेले. पण राजशक येथे शेजारच्या राज्याचा शक होता. रायगडावरचे नवे युग आणि तापीकाठचा तोच दिवस यांना एकच तारीख नव्हती. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांचे ३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यात निधन झाले आणि १९२७ मध्ये तेथे त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ उभे राहिले. त्यांनी आयुष्यभर जमवलेल्या कागदांसारखे कागद वाचताना पहिले कष्ट असतात ते हेच: ‘छ’ पुढचा चंद्र, त्यापुढचा मुसलमानी महिना, आणि वर्ष अनेकदा गाळलेले. मिती लावणे हे त्या काळात कोण कोणाच्या सत्तेखाली होता हे वाचणेही असते.

आणि एक वर्ष असे आहे की, ते कोणत्याही राजाने रचले नाही. खानदेशात शेतावरच्या सालदाराचे साल आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, ठरत आले आहे. एका आखाजीपासून पुढच्या आखाजीपर्यंतची मजुरी तोंडी ठरते. हे वर्ष चांद्र. म्हणून अधिक मास आला की ते तेरा महिन्यांचे होते. मोबदला सालाचा ठरलेला असेल, तर त्या तेराव्या महिन्याचे श्रम कोणाच्या खाती जमा? फ्रेंच क्रांतीच्या १७९३ च्या पंचांगात दहा दिवसांचा आठवडा आला तेव्हा विश्रांतीचा दिवस सातव्यावरून दहाव्यावर गेला. १८०६ च्या आरंभी ते पंचांग रद्द झाले. काळाची प्रत्येक नवी विभागणी कोणाच्या तरी अंगमेहनतीवर पडते.

२२ मार्च १९५७ रोजी, म्हणजे १ चैत्र १८७९ ला, भारताने राष्ट्रीय दिनदर्शिका स्वीकारली. राजपत्रावर ती आहे, घराच्या भिंतीवर क्वचितच. महसुली वर्ष १ ऑगस्टला सुरू होते, शाळेचे जूनमध्ये, दुकानाच्या चोपड्यांचे दिवाळीत. आपण एकाच वेळी अनेक काळांत राहतो, आणि त्यांतल्या काहींची दफ्तरे आहेत, काहींची नाहीत. कल्पित जगाची कालगणना तपासणाऱ्या विद्यार्थ्याने म्हणून हिशेब जुळतो का एवढेच पाहू नये. त्या जगातला सालदार आपले वर्ष कोठून मोजतो, हे विचारावे. राजशकाची वर्षे संशोधकांनी मोजली आहेत. ‘दुष्काळात तेरावा महिना’ ही म्हण ज्यांनी घडवली, त्यांच्या वर्षांचा हिशेब मांडायचा राहिला आहे.