वादी गैरहजर

परवा माळ्यावरची अण्णांची पत्र्याची पेटी आवरली. तीत १९६८ सालचा कोर्टाचा एक कागद सापडला, आमच्या बांधाच्या दाव्याचा. मजकूर दीड ओळीचा. वादी व त्यांचे वकील गैरहजर, प्रतिवादी हजर, सबब दावा काढून टाकला.

त्या तारखेचे मला चांगले आठवते. मी तेव्हा अकरावीत होतो. ओढ्याला पूर आला होता, एस.टी. अलीकडेच थांबली. अण्णा तालुक्याला पोचले तोवर दुपार टळली होती. शिपायाचा पुकारा सकाळीच होऊन गेलेला. वकीलसाहेब त्या दिवशी दुसरीकडेच होते. अण्णा घरी आले आणि आईला म्हणाले, "आपण केस हरलो." पुढे मरेपर्यंत ते हेच म्हणत.

कागद पुतण्याला दाखवला. तो वकिली करतो. म्हणाला, "काका, आजोबा हरले नव्हतेच. बांध कुणाचा हे कोर्टाने पाहिलेलंच नाही."

मग मी जरा खोदकाम केले. (मास्तराची खोड, जात नाही!) गैरहजर वादीचा दावा काढून टाकायचा हा नियम इंग्रजांच्या १८५९ च्या दिवाणी कायद्यापासूनचा. प्रतिवादीला कामधंदा सोडून किती खेपा घालायला लावायच्या, हा त्यामागचा विचार, आणि तो रास्तच आहे. १९०८ च्या संहितेत तो नवव्या आदेशात आहे. गंमत अशी की दोघेही गैरहजर असतील तर मुदतीत नवा दावा लावता येतो. प्रतिवादी हजर आणि वादी तेवढा गैरहजर असेल, तर त्याच कारणावरून नवा दावा नाही. पण त्यालाही एक वाट ठेवली आहे. तीस दिवसांत अर्ज करायचा, न येण्याचे सबळ कारण पटवायचे, की जुनाच दावा पुन्हा फाइलवर येतो. १९६३ च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणे झालेला उशीरही कारण पटल्यास माफ होतो.

ओढ्याचा पूर हे सबळ कारण नव्हे काय? पण ही वाट अण्णांना सांगणार कोण? शिपाई फक्त नाव पुकारतो.

१९८१ साली सुप्रीम कोर्टापुढे रफिक विरुद्ध मुन्शीलाल हा खटला आला. वकील गैरहजर राहिल्याने अपील हातचे गेले होते. न्या. देसाईंनी म्हटले ते थोडक्यात असे, की खेड्यातल्या माणसाने वकील दिला, फी भरली, आता त्याने आणखी काय करायचे? वकिलाच्या चुकीची शिक्षा त्याला नको. अपील पुन्हा ऐकायला लावले, आणि खर्च गैरहजर वकिलाकडून वसूल करायला सांगितला.

तोवर अण्णांचे तीस दिवस संपून तेरा वर्षे झाली होती.

शाळेत पस्तीस वर्षे मुलांकडून सनावळ्या घोकून घेतल्या. घरातले हे एक साल मात्र पेटीतच राहिले. जमीन आता आमच्याकडे नाही. कागद प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून पुतण्याकडे दिला आहे.