पश्चिम बंगालमधील शिक्षक भरती : संपूर्ण निवड रद्द का झाली?

पश्चिम बंगाल शालेय सेवा आयोगाच्या 2016 च्या निवड प्रक्रियेतून झालेल्या 25,753 शिक्षक व शिक्षकेतर कर्मचाऱ्यांच्या नियुक्त्या सर्वोच्च न्यायालयाने 3 एप्रिल 2025 रोजी रद्दबातल ठरवल्या. सरन्यायाधीश संजीव खन्ना आणि न्यायमूर्ती संजय कुमार यांच्या पीठाने कलकत्ता उच्च न्यायालयाचा 22 एप्रिल 2024 चा निर्णय मुख्यतः कायम ठेवला. गैरमार्गाने आलेले आणि गुणवत्तेवर आलेले उमेदवार एकमेकांपासून वेगळे करता येत नसतील तर काय करावे, हा या खटल्याचा गाभा होता.

नववी ते बारावीच्या वर्गांसाठी सहायक शिक्षक, तसेच क आणि ड गटातील कर्मचारी यांची 24,640 पदे भरावयाची होती. त्यासाठी सुमारे 23 लाख उमेदवार परीक्षेला बसले. पदांपेक्षा नियुक्तिपत्रेच अधिक निघाली, ही गोष्ट पुरेशी बोलकी आहे. निवड न झालेल्या उमेदवारांनी उच्च न्यायालयात दाद मागितल्यावर अनियमिततेचे प्रकार एकेक करून उघड झाले. खालच्या क्रमांकाच्या उमेदवाराला वरच्या क्रमांकाच्या आधी नेमणे, यादीत नाव नसलेल्याला नेमणे, यादीची मुदत संपल्यावर शिफारस करणे आणि उत्तरपत्रिकेतील गुणांपेक्षा अधिक गुण नोंदवणे, असे हे प्रकार होते. न्यायालयाने सीबीआय चौकशीचे आदेश दिले. आर्थिक गैरव्यवहाराच्या स्वतंत्र प्रकरणात माजी शिक्षणमंत्री पार्थ चटर्जी यांना जुलै 2022 मध्ये सक्तवसुली संचालनालयाने अटक केली.

अशा वादांत न्यायालये सहसा सरसकट निवड रद्द करीत नाहीत. सीबीआयमधील शिपाई भरतीसंबंधीच्या 2003 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने दोष मोजक्या उमेदवारांपुरता असेल तर इतरांना त्याची शिक्षा देणे अनुचित ठरवले होते. बंगालमधील प्रामाणिक शिक्षकांचा युक्तिवादही हाच होता. पण येथे पडताळणीचे साधनच उरले नव्हते. मूळ ओएमआर उत्तरपत्रिका नष्ट करण्यात आल्या होत्या आणि आयोगाकडे त्यांच्या प्रतिमाही जतन केलेल्या नव्हत्या. तपास यंत्रणेला मिळालेल्या हार्ड डिस्कमधील माहितीवरून अनेक गैरप्रकार सिद्ध झाले. मात्र उरलेले सर्व जण निर्दोष आहेत, याची खात्री त्यातून देता येत नव्हती. पुरावा जपण्याची जबाबदारी ज्या आयोगाची होती, त्याच्या कसुरीची किंमत अखेर वर्गात शिकवणाऱ्यांनी मोजली. समान संधीची हमी देणाऱ्या संविधानाच्या 14 व 16 या अनुच्छेदांचा भंग झाल्याने संपूर्ण प्रक्रियाच दूषित असल्याचे पीठाने म्हटले.

निकालाने सर्वांना एकाच मापाने मात्र मोजले नाही. ज्यांचा गैरप्रकार निश्चित झाला, त्यांना वेतन परत करण्याचा आदेश मिळाला. इतरांना त्यातून वगळण्यात आले. पूर्वी अन्य सरकारी खात्यात असलेल्या निर्दोष उमेदवारांना तेथे परतण्यासाठी अर्ज करण्याची मुभा मिळाली. शाळा ओस पडू नयेत म्हणून 17 एप्रिल 2025 रोजी अशा शिक्षकांना वर्षअखेरपर्यंत शिकवण्याची परवानगी देण्यात आली व पुढे ही मुदत वाढवण्यात आली. क आणि ड गटातील कर्मचाऱ्यांना ही सवलत नव्हती. नवी परीक्षा सप्टेंबर 2025 मध्ये झाली. जवळपास नऊ वर्षे जुन्या पदासाठी, चाळिशीकडे झुकलेल्या अनेक शिक्षकांना नव्याने पदवी घेतलेल्या तरुणांसोबत पुन्हा बाकावर बसावे लागले.

याच राज्यातील प्राथमिक शिक्षकांच्या बाबतीत निकाल वेगळा लागला. 2014 च्या पात्रता परीक्षेच्या आधारे नेमलेल्या सुमारे 32,000 शिक्षकांच्या नियुक्त्या उच्च न्यायालयाच्या एकल पीठाने मे 2023 मध्ये रद्द केल्या होत्या. 3 डिसेंबर 2025 रोजी खंडपीठाने तो आदेश फिरवला. संपूर्ण भरतीच गैरव्यवहाराने ग्रासली होती असे सिद्ध झालेले नाही, आणि इतक्या वर्षांच्या सेवेनंतर नोकरी गेल्यास शिक्षकांवर व त्यांच्या कुटुंबांवर होणारा परिणाम दुर्लक्षिता येणार नाही, अशी भूमिका खंडपीठाने घेतली.